पांढऱ्या कापडाचे आकाश

सुब्रत मित्र (१९३०–२००१) सत्यजित राय यांच्या 'पथेर पांचाली'चे छायालेखक झाले तेव्हा ते जेमतेम विशीत होते आणि तोवर त्यांनी चित्रपटाचा कॅमेरा हाताळलेलाही नव्हता. शिदोरी होती ती फ्रेंच दिग्दर्शक जाँ रेन्वार यांच्या चित्रीकरणाच्या वेळी बाजूला उभे राहून केलेल्या टिपणांची आणि रेखाटनांची. खरी परीक्षा मात्र त्याचाच पुढचा भाग असलेल्या 'अपराजितो'च्या (१९५६) वेळी आली. बनारसच्या घराचा चौक उघड्यावर उभारायचा बेत पावसाच्या भीतीने रद्द झाला आणि तो कोलकात्याच्या स्टुडिओत बांधावा लागला. वर छप्पर असताना आकाशाचा उजेड आणायचा कोठून?

सावलीची कड प्रकाशस्रोत किती मोठा दिसतो यावर ठरते. आकाशात सूर्य केवळ अर्ध्या अंशाचा दिसतो, म्हणून एक मीटर अंतरावरच्या वस्तूच्या सावलीची कड सुमारे ९ मिलिमीटरच पुसट होते. याउलट चौकात उतरणारा उजेड आभाळाच्या अख्ख्या तुकड्यातून येत असल्याने तिथे ठेवलेल्या भांड्याची सावली बुडाशी थोडी गडद असते आणि पुढे विरून जाते. स्टुडिओतला दिवा सूर्यासारखा, किंबहुना त्याहून वाईट: दिवे दोन लावले की माणसाच्या सावल्याही दोन पडतात, आणि अंतर दुप्पट झाले की उजेड चौथाईवर येत असल्याने दिव्याकडे चार पावले टाकणाऱ्या नटाचा चेहरा एकाएकी उजळतो. खऱ्या चौकात असे कधी घडत नाही.

मित्र यांनी चौकाच्या माथ्यावर पांढरे कापड ताणून बसवले आणि दिव्यांचा झोत खालून त्यावर सोडला. कापडाचा खडबडीत पृष्ठभाग आरशाप्रमाणे प्रकाश एकाच दिशेला न परतवता सर्व दिशांना विखुरतो. त्यामुळे ते कापडच एक विशाल दिवा बनले. या विखुरण्यात बराचसा प्रकाश वाया जातो आणि त्या काळच्या फिल्मची संवेदनशीलता बेताची होती, तेव्हा ही चैन सोपी नव्हती.

दिव्याचा उजेड असा परतवून वापरण्याचे हे तंत्र, म्हणजे 'बाउन्स लायटिंग', जगात सर्वप्रथम कोणी वापरले, हा वाद मला गौण वाटतो. पुढे 'चारुलता'तल्या (१९६४) बंदिस्त दिवाणखान्यातही त्यांनी हाच मऊ उजेड राखला. या घरात, दिवसाच्या या वेळी उजेड कोठून आत येईल, हे ठरल्यावरच दिव्यांची जागा ठरे.