पालिकेच्या गाळ्यांना 4 टक्क्यांची मर्यादा नाही

महात्मा फुले मंडईसारख्या पुणे महापालिकेच्या वास्तूंमधील गाळ्यांचे शुल्क वर्षाला 4 टक्क्यांहून अधिक वाढवता येत नाही, हा जुना समज चुकीचा आहे. ही मर्यादा महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, 1999 मधील असून त्याच कायद्याचे कलम 3 स्थानिक प्राधिकरणाच्या मालकीच्या जागांना त्यातून वगळते. मात्र पालिकेने वाटेल तो आकडा लावावा, असाही याचा अर्थ नव्हे. तो दुसरा, अधिकाऱ्यांना सोयीचा गैरसमज. मुंबई बंदराच्या जागांच्या भाडेवाढीवरील वादात सर्वोच्च न्यायालयाने 2004 मध्ये, सार्वजनिक संस्थेने मालक म्हणूनही वाजवीपणेच वागले पाहिजे, हे तत्त्व अधोरेखित केले. त्यामुळे उच्च न्यायालयात जाणाऱ्या गाळेधारकाने वाढ मनमानी कशी, हे दाखवावे. 4 टक्क्यांचा आधार तिथे उपयोगाचा नाही.