आद्रियाना बारेला

आद्रियाना बारेला (जन्म ९ मे १९५२) ही अर्जेंटिनाची टँगो गायिका. आडनावाचं इंग्रजी स्पेलिंग बघून बरेच जण व्हारेला वाचतात, पण स्पॅनिशमध्ये तो व्ह नाही, ब च्या जवळचा उच्चार आहे, म्हणून इथे बारेला लिहिलंय. जाड, खर्जातला, वाळू चाळल्यासारखा आवाज आणि चाळिशीच्या तोंडावर केलेली सुरुवात, या दोन गोष्टींमुळे ती ओळखली जाते. गोड आवाजाची अपेक्षा ठेवून ऐकायला बसलात तर पहिल्या दोन मिनिटांत दचकाल, पण गाणं बंद करू नका, कारण तिच्या गाण्यातली खरी गोष्ट त्यानंतर सुरू होते.

आपल्याकडे टँगो म्हटलं की लोकांना नाचच आठवतो, लाल ड्रेस, दोघं एकमेकांना चिकटून, वगैरे. पण तिथल्या लोकांसाठी टँगो ही ऐकायची गोष्ट पण तितकीच आहे, किंबहुना ब्युनोस आयर्समध्ये असे कित्येक लोक सापडतील ज्यांना एक पाऊल नाचता येत नाही पण शंभर गाणी तोंडपाठ आहेत. १९१७ मध्ये कार्लोस गार्देल या गायकाने 'मी नोचे त्रिस्ते' गायलं, बायको/प्रेयसी सोडून गेलेल्या माणसाची रात्र, आणि तिथून गाणं म्हणून टँगोची गोष्ट सुरू झाली असं मानतात. तीन मिनिटांत एक अख्खी कथा. त्यामुळे तिकडचे दर्दी लोक 'टँगो गातो' याच्याऐवजी 'टँगो सांगतो' असं म्हणतात, देसिर म्हणजे सांगणं, बोलणं. सूर लागला पाहिजे हे खरंच, पण शब्द पोचला नाही तर सूर वाया गेला. बारेलाला समजून घ्यायचं असेल तर हा फरक आधी डोक्यात ठेवायला हवा.

तिचं जन्मनाव बेआत्रिस आद्रियाना लिचिंची. जन्म अवेजानेदाचा, म्हणजे ब्युनोस आयर्स शहराला चिकटून, रियाचुएलो नावाच्या काळ्या घाण नदीच्या पलीकडचा भाग, कारखाने, गोदामं, मांस गोठवायचे मोठे प्लांट, कामगार वस्ती. फुटबॉलवाल्यांना हे गाव माहीत असेल कारण रेसिंग आणि इंदिपेंदिएंते या दोन कट्टर वैरी क्लबांची स्टेडियम इथे एकमेकांपासून हाकेच्या अंतरावर आहेत. बारेला हे आडनाव तिला नवऱ्याकडून मिळालं, तो टेनिस खेळाडू एक्तोर बारेला. याच नावाचा एक प्रसिद्ध टँगो ऑर्केस्ट्रावाला पण होऊन गेला, तो वेगळा, हा घोळ खूप जणांचा होतो. आणि शिक्षणाने ती स्पीच थेरपिस्ट! म्हणजे आवाज कुठून निघतो, स्वरतंतू कसे काम करतात, उच्चार कुठे अडकतो हे शास्त्र म्हणून शिकलेली बाई. मला हा तपशील फार महत्त्वाचा वाटतो, कारण तिचा घोगरा आवाज ऐकून लोक म्हणतात की निष्काळजीपणे गाते, आणि तिचे उच्चार नीट ऐकले तर एकेक व्यंजन जागच्या जागी असतं.

लहानपणापासून टँगोच्या नादाला लागलेली वगैरे ती अजिबात नव्हती. तिच्या पिढीला टँगो म्हणजे आईवडिलांचं, म्हाताऱ्यांचं गाणं. साठच्या दशकात रॉक आणि पॉप आलं, मोठे ऑर्केस्ट्रा पोसणं परवडेना, नाचाचे हॉल ओस पडले, नंतर १९७६ ते १९८३ लष्करी हुकूमशाही, त्यात रात्री चार लोक एकत्र जमायचं म्हटलं तरी भीती. ती स्वतः गायला लागली ती रॉक. टँगोकडे तिला वळवलं ते एका सिनेमाने.

तो सिनेमा म्हणजे दिग्दर्शक फेर्नांदो सोलानासचा 'सुर' (१९८८), सुर म्हणजे दक्षिण. हुकूमशाही संपताना तुरुंगातून सुटलेला एक माणूस एका रात्रीत शहरातून घराकडे चालत जातो आणि वाटेत त्याला गेलेली माणसं भेटतात, असं काहीसं. संगीत टँगोचा मोठा संगीतकार आस्तोर पियासोला याचं. आणि त्यात टँगो गायक रोबेर्तो गोयेनेचे गातो.

गोयेनेचेवर थोडं थांबावंच लागेल, कारण त्याच्याशिवाय बारेलाची गोष्ट सांगता येत नाही. १९२६ चा जन्म, सावेद्रा मोहल्ल्याचा माणूस, सुरुवातीला बस चालवायचा, टॅक्सी चालवायचा आणि गायचा. १९५२ मध्ये ओरासिओ साल्गानच्या ऑर्केस्ट्रात आला, १९५६ मध्ये आनिबाल त्रोईलोकडे, म्हणजे त्या काळातल्या सगळ्यात मोठ्या घरी. पिंगट केसांमुळे सगळे त्याला पोलाको म्हणजे 'पोलंडवाला' म्हणायचे, पोलंडशी संबंध काही नाही. तरुणपणी आवाज भरदार, गोल. मग वय, सिगरेट, रात्री, यांनी तो आवाज झिजत गेला, आणि इथेच कमाल आहे, आवाज जसा जसा गेला तसा तो माणूस जास्त मोठा गायक झाला, कारण सूर धरून ठेवायची ताकद उरली नाही तेव्हा त्याने शब्द, थांबा आणि शांतता यांच्यावर गाणं उभं केलं. एक ओळ अर्ध्यात सोडून द्यायची, वाद्यांना पुढे जाऊ द्यायचं, आणि मग सावकाश येऊन त्यांना गाठायचं. रॉक ऐकणाऱ्या पोरापोरींना हा साठी ओलांडलेला माणूस एकदम आपला वाटायला लागला.

बारेला टँगो गायला लागली, आणि पालेर्मो भागात काफे होमेरो नावाची एक छोटी जागा होती तिथे गोयेनेचेने तिला ऐकलं. त्याने तिला जवळ केलं, गुरुस्थानी बसवावं असं नातं. गंडा बांधणं वगैरे तिकडे प्रकार नाही, पण बघितलं तर तसंच, शेजारी बसून, ऐकून, रात्र रात्र एकत्र काढून घेतलेली विद्या. १९९४ च्या २७ ऑगस्टला गोयेनेचे गेला, म्हणजे दोघांना मिळालेला वेळ तसा फार नाही, काही वर्षंच.

'माकिजाखे' म्हणजे मेकअप हा अल्बम १९९३ चा. नाव ज्या गाण्यावरून आहे ते १९५६ चं, ओमेरो आणि बिर्खिलिओ एक्स्पोसितो या भावांचं. आपण बघतो ते निळं आकाश आकाशही नाही आणि निळंही नाही, तशीच तू, असं त्या बाईला सांगणारं गाणं. या दोघांपैकी बिर्खिलिओ, म्हणजे चाल लावणारा भाऊ, तेव्हा हयात होता आणि त्यानेही तिला खूप आधार दिला. एका नवख्या गायिकेच्या पाठीशी ज्यांची गाणी तीच माणसं उभी राहिली, हे भाग्य थोड्यांना मिळतं.

आता आवाजाबद्दल, कारण सगळा वाद तिथेच आहे. बाईच्या मानाने तिची पट्टी खूपच खाली, पुरुषाच्या आवाजाला टेकणारी. टँगोत फ्रासेओ म्हणून प्रकार असतो, म्हणजे चालीत लिहिलेल्या मात्रा तशाच्या तशा न घेता बोलण्याच्या लयीप्रमाणे ओळ ताणायची, ढकलायची, उशिरा सुरू करून घाईने संपवायची, ताल मात्र खाली बंदोनिऑन (अकॉर्डियनसारखं भात्याचं वाद्य) आणि पियानो पक्का धरून असतात. आपल्याकडे ठुमरीत शब्द खेळवून अर्थाच्या छटा काढतात, त्याच्या जवळ जाणारं काहीतरी, फक्त इथे सूर वाढवण्यापेक्षा बोलण्याकडे ओढा जास्त. बारेला हे गोयेनेचेकडून शिकली हे कुणालाही ऐकू येतं, आणि म्हणून सुरुवातीला नक्कल असा आरोप पण झाला असता तर नवल नाही. पण नीट ऐकलं तर फरक आहे. गोयेनेचे गाताना आठवतो, बारेला गाताना भांडते. तिच्या गाण्यात राग आहे, कधी कधी शब्द दातांखाली धरून सोडते. टँगोतल्या बायकांची एक वाट पण तिच्या मागे आहेच, ला बोकाच्या वस्तीतली रोसिता किरोगा बोलल्यासारखी गायची, असुसेना माइसानी पुरुषी कपडे घालून स्टेजवर यायची, आणि तीता मेरेज्यो तर गाण्यापेक्षा तोऱ्यानेच मारायची. गोड गळ्याच्या गायिका होत्याच, पण ही दुसरी वाट तितकीच जुनी आहे.

अजून एक गोष्ट मराठी माणसाला लगेच कळेल. बहुतेक टँगो पुरुषाच्या तोंडी लिहिलेले, ती सोडून गेली, तिने फसवलं. बारेलाच्या नेहमीच्या गाण्यांपैकी एक 'कोमो आब्रासादो आ उन रेंकोर' म्हणजे मनातल्या आकसाला मिठी मारल्यासारखा. 'आब्रासादो' हे रूप पुल्लिंगी. गाण्यात एक भुरटा मवाली मरायला टेकलाय, शेजारच्या बायांनी हा आता संपला म्हणून सांगून टाकलंय आणि तो जगाला आपला कडू निरोप देतो. ते एक बाई गाते आणि कुठेही खोटं वाटत नाही, कारण ती पात्राच्या आत जाऊन उभी राहते.

१९९५ मध्ये तिने अख्खा अल्बम केला एन्रिके कादिकामोच्या गाण्यांचा. कादिकामो म्हणजे १९०० साली जन्मलेला कवी, गार्देलने ज्याची गाणी गायली तो माणूस, आणि अल्बम आला तेव्हा तो पंचाण्णव वर्षांचा होऊन जिवंत होता! (१९९९ च्या डिसेंबरमध्ये गेला.) त्याचं 'आंक्लाओ एन पारिस', पॅरिसमध्ये पैसे संपून अडकलेल्या अर्जेंटिनी माणसाचं गाणं, १९३१ चं. आंक्लाओ हा शब्द पुस्तकी आंक्लादो नाही, रस्त्यावरचा उच्चार आहे, आपण 'केलेलं आहे' न लिहिता 'केलंय' टाइप करतो तसं. टँगोची भाषा अशीच, त्यात लुन्फार्दो म्हणजे बंदर, चाळी, तुरुंग इथून आलेली बोली, इटालियन शब्द मिसळलेली, अक्षरं उलटी करून बोलायची सवय पण आहे, टँगोचं गोतान होतं. १९४३ नंतरच्या लष्करी सरकारने रेडिओवर ही बोली बंद केली होती, दारू पिणाऱ्यांची गाणी पण, त्यात कादिकामोच्या 'लोस मारेआदोस' (म्हणजे झिंगलेले) या गाण्याचं नाव आणि शब्द बदलून सोज्वळ करून गायला लागले. बारेला ही गाणी त्यांच्या मूळ मस्तीत गाते.

लोकांच्या तोंडी तिचं नाव पक्कं झालं ते मात्र काचो कास्तान्या या गायक-गीतकाराच्या गाण्याने. त्याने गोयेनेचेवर 'गार्गांता कोन आरेना' लिहिलं, म्हणजे वाळू भरलेला घसा, पोलाको अजून एक टँगो गा अशी विनवणी. ते बारेलाने गायलं आणि आज ते तिच्याशी इतकं जोडलं गेलंय की ऐकणाऱ्याला वाटावं घसा नक्की कोणाचा, गुरूचा की हिचा. त्याच कास्तान्याने मग तिच्यावर पण गाणं लिहिलं, 'ला गाता बारेला', बारेला नावाची मांजर, आणि तेव्हापासून ती सगळ्यांची ला गाता.

१९९९ चा 'कुआंदो एल रिओ सुएना' हा माझ्या मते तिचा सगळ्यात धाडसी अल्बम. स्पॅनिश म्हण आहे, नदी वाजते म्हणजे पाणी वाहत असणार, आपल्या आगीशिवाय धूर नाही सारखी. नदी कोणती, तर रिओ दे ला प्लाता, जिच्या एका काठाला ब्युनोस आयर्स आणि दुसऱ्या काठाला उरुग्वेचं मोंतेविदेओ. अल्बमची निर्मिती मोंतेविदेओचा संगीतकार खाइमे रोस याची, त्यामुळे त्यात पलीकडच्या काठाची हवा आहे. टँगो फक्त अर्जेंटिनाचा असं म्हटलं की उरुग्वेचे लोक चिडतात आणि ते बरोबरच आहे, २००९ मध्ये युनेस्कोने वारसा यादीत नाव घातलं तेही दोन्ही देशांच्या मिळून अर्जावर. ब्युनोस आयर्सच्या नदीकाठी वाढलेली ही बाई त्या अल्बममध्ये पलीकडे जाऊन गाते, आणि तिकडच्या लोकांनी पण तिला आपलं मानलं.