क्रॅक केलेलं नेटवर्क मॉनिटरिंग सॉफ्टवेअर

नेटवर्कमधले राउटर, स्विच, सर्व्हर, कॅमेरे चालू आहेत की बंद, लाइनवर लोड किती, डिस्क भरत आली का, हे सगळं एका स्क्रीनवर दाखवणारं पीआरटीजी, सोलरविंड्स, ऑपमॅनेजर यांसारखं पेड सॉफ्टवेअर लायसन्स न घेता क्रॅक (लायसन्सची तपासणी मोडणारी बदललेली फाइल) किंवा कीजेन (खोटी लायसन्स की बनवणारा प्रोग्राम) लावून वापरणं, असा याचा अर्थ.

बेळगाव, निपाणी, खानापूर पट्ट्यात अशा सॉफ्टवेअरची गरज खरीच आहे. उद्यमबागेतले कारखाने, चार-पाच शाखांच्या पतसंस्था-सोसायट्या, खेड्यापाड्यात इंटरनेट देणारे केबलवाले, सगळ्यांनाच ते लागतं. पावसाळ्यात जांबोटी-कणकुंबीकडं लाइट गेली किंवा फायबर तुटली की नेमकं कुठं अडलंय ते ऑफिसात बसून कळलं तर माणसाची भर पावसातली चक्कर वाचते. पण लायसन्सचे पैसे छोट्या धंद्याला जड जातात, आणि मग कोणीतरी पेन ड्राइव्हमधून "फुल व्हर्जन" आणून देतो.

धोका इथं नेहमीच्या पायरसीपेक्षा कितीतरी मोठा आहे, कारण हे सॉफ्टवेअर म्हणजे अख्ख्या वाड्याच्या किल्ल्यांचा जुडगा. विंडोज सर्व्हर बघायला त्याला बऱ्याचदा अ‍ॅडमिनचाच पासवर्ड दिलेला असतो, लिनक्ससाठी एसएसएच (दुरून आत शिरायचं लॉगिन), राउटरसाठी एसएनएमपी स्ट्रिंग (उपकरणाची माहिती विचारताना द्यायचा पासवर्डसारखा शब्द), आणि एसएनएमपीच्या व्हर्जन १ आणि २सी मध्ये ही स्ट्रिंग काहीच एन्क्रिप्ट न होता साध्या मजकुरात जाते. क्रॅकसोबतची टेक्स्ट फाइल उघडून बघा, साधारण असंच लिहिलेलं असतं: अँटिव्हायरस बंद करा, इंटरनेट काढा, ही फाइल प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये टाकून रिप्लेस करा, होस्ट्स फाइलमध्ये कंपनीचा सर्व्हर ब्लॉक करा. म्हणजे राखण करणारा आपणच घालवायचा, अनोळखी माणसाची फाइल अ‍ॅडमिन हक्कानं चालवायची आणि वर अपडेटची वाटही बंद करायची! मूळ फाइलवरची डिजिटल सहीसुद्धा बदल केल्यावर जुळत नाही, त्यामुळं आत काय घुसडलंय ते तपासायला काही आधारच उरत नाही.

अपडेट थांबणं किती महागात पडतं त्याला पीआरटीजीचंच उदाहरण आहे. त्यातल्या २०१८ मधल्या दोन त्रुटी कंपनीनं त्याच वर्षी दुरुस्त केल्या, तरी हल्लेखोर त्या वापरतायत म्हणून अमेरिकेच्या सिसा या सरकारी सायबर सुरक्षा संस्थेनं फेब्रुवारी २०२५ मध्ये त्या हल्ल्यांत वापरल्या जाणाऱ्या त्रुटींच्या यादीत घातल्या. आणि २०२० मध्ये तर सोलरविंड्सच्या ओरायन या मॉनिटरिंग सॉफ्टवेअरचं अधिकृत, सही असलेलं अपडेटच हल्लेखोरांच्या कोडनं बाधित निघालं, ते सुमारे १८,००० ग्राहकांपर्यंत पोचलं होतं. अधिकृत मालाची ही गत, तर पेन ड्राइव्हमधल्या मालाचा भरवसा कोण देणार?

कायदा कडक आहे. कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ६३बी नुसार बेकायदा प्रोग्राम माहीत असून वापरला तर किमान ७ दिवस ते ३ वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख दंड. धंद्यासाठी वापर नसेल तर कोर्ट कैद माफ करून फक्त दंड करू शकतं, पण सोसायटी किंवा कारखाना ही पळवाट कुठून काढणार? कलम ६९ मुळं गुन्हा संस्थेचा असला तरी कारभार बघणारा माणूसही जबाबदार धरला जातो, तेव्हा "कॉम्प्युटरवाल्यानं घातलं, आम्हाला काय माहीत" एवढ्यावर मॅनेजर सुटेलच असं नाही.

त्यात सर्ट-इन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या एप्रिल २०२२ च्या आदेशानुसार सायबर घटना लक्षात आल्यापासून ६ तासांत तिला कळवावी लागते आणि १८० दिवसांचे लॉग, म्हणजे कॉम्प्युटरनं ठेवलेल्या नोंदी, जपावे लागतात. क्रॅकवाला नेमका इथं अडकतो, कळवलं तर स्वतःची चोरी उघडी पडते, नाही कळवलं तर दुसरा नियम मोडतो, आणि तोवर खातेदारांची माहिती बाहेर गेलेली असते. माझ्या मते सगळ्यात वाईट नुकसान हेच, कारण ते अशा लोकांचं होतं ज्यांनी काहीच केलेलं नाही.

आधीच घातलेलं असेल तर नुसतं अनइन्स्टॉल करून भागत नाही. ते मशीन नेटवर्कमधून काढायचं, दुसऱ्या स्वच्छ मशीनवरून सगळे पासवर्ड आणि एसएनएमपी स्ट्रिंग बदलायच्या (त्याच मशीनवरून बदलल्या तर नवीनही जातील), मग फॉरमॅट. पैसे चोरीला गेले असतील तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करायचा.

झॅबिक्स, लिब्रेएनएमएस, नॅगिऑस कोअर ही ओपन सोर्स आहेत, लायसन्सचा एक पैसा लागत नाही, शिकायला थोडे दिवस जातात एवढंच. आणि पीआरटीजीच पाहिजे असेल तर कंपनी स्वतः १०० सेन्सरपर्यंत (सेन्सर म्हणजे उपकरणातली बघायची एकेक गोष्ट, जसं लाइनवरचा लोड) फुकट देते, त्यात साधारण दहा उपकरणं बसतात.