वारापंथाची पार्श्वभूमी: वाचलेले, बुडालेले आणि त्यांच्या मधला वारा

मी लिहितेय त्या कथेच्या फँटसी जगातल्या बेटांवर जो वारापंथ आहे तो नुसती निसर्गपूजा समजून वाचला तर त्यातलं अर्धं निसटतं, म्हणून त्याच्या मागचा इतिहास इथे सांगतेय, आणि त्यातलं काय काय आपल्या खऱ्या जगातून आलंय तेही सोबतच, कारण वारा पुजणारी माणसं खरोखर जगभर होऊन गेलीत आणि त्यांनी जे केलं ते आपण डोक्याने रचू त्याच्यापेक्षा कितीतरी भारी आहे.

बेटांवरची अधिकृत गोष्ट वादळापासून सुरू होते. मुख्य भूमीवरून आरमार चालून आलं, वाऱ्याने ते फोडलं, किनाऱ्यावरची माणसं वाचली आणि पंथ उभा राहिला. हे आलंय इ.स.पू. ४८० मधून. पर्शियाचा राजा झर्क्सिस ग्रीसवर चालून आला तेव्हा डेल्फीच्या लोकांनी देवाला कौल लावला, उत्तर आलं की वाऱ्यांची प्रार्थना करा. अथेन्सवाल्यांना तर म्हणे सांगितलं गेलं की तुमच्या जावयाला मदतीला बोलवा, आणि जावई म्हणजे कोण तर बोरियास, उत्तरेचा वारा, कारण दंतकथेत त्याने अथेन्सच्या राजकन्येला पळवून नेलेलं. मग मॅग्नेशियाच्या किनाऱ्यावर तीन दिवस वादळ झालं आणि ग्रीक इतिहासकार हेरोडोटस लिहितो की कमीत कमी आकडा सांगणारे सुद्धा ४०० जहाजं गेली असं म्हणतात. अथेन्सवाल्यांनी घरी परतल्यावर इलिसोस नदीकाठी बोरियासचं देऊळ बांधलं.

पण मला यातला खरा हिरा वाटतो तो पुढचा भाग. त्याच वादळात पर्शियन बाजूचे मागी पुरोहित बळी देत होते, वाऱ्याला शांत करायला मंत्र म्हणत होते, आणि चौथ्या दिवशी वारा पडला (की आपोआपच पडला, असंही हेरोडोटस हळूच म्हणून जातो). म्हणजे एकच वारा, एकच किनारा, आणि दोन्ही बाजूंनी त्यालाच हात जोडलेले! वारापंथाचा सगळा इतिहास मी या एका गोष्टीवर उभा केलाय. बेटांवर वाचलेल्यांचा पंथ आहे आणि मुख्य भूमीवर बुडालेल्यांच्या नातवंडांचा. वाचलेले म्हणतात वारा आमचा, त्याने आम्हाला निवडलं. बुडालेले म्हणतात वाऱ्याने आमची माणसं नेली, ती अजून त्याच्यात आहेत, म्हणून आम्ही त्याच्याशी बोलतो. वारा एकच मानतात, एकमेकांच्या देवळात मात्र पाय ठेवत नाहीत.

वाचलेल्यांचं पुढे काय होतं त्याच्यासाठी जपान बघावं लागतं. मंगोल सम्राट कुबलाई खानाची आरमारं १२७४ आणि १२८१ मध्ये तिथे आली, १२८१ चं आरमार वादळात फुटलं आणि त्या जहाजांचे अवशेष ताकाशिमा बेटाजवळ समुद्राच्या तळाशी सापडलेत. १२९३ मध्ये इसेच्या वाऱ्याच्या देवस्थानाचा दर्जा वाढवला गेला, आभार म्हणून. इथवर सगळं समजण्यासारखं आहे. पण एकदा वारा धावून आला म्हणजे कायम येणारच, असा विश्वास पिढ्यानपिढ्या मुरला की तो भयंकर होतो, आणि त्याच दैवी वाऱ्याचं, म्हणजे कामिकाझे हे, नाव १९४४ मध्ये तरुण वैमानिकांना मरायला पाठवणाऱ्या तुकड्यांना दिलं गेलं. बेटांवरचा पुरोहितवर्ग याच वळणावर उभा आहे. तटबंदीची डागडुजी त्यांनी थांबवलीय, कारण ती करणं म्हणजे वाऱ्यावर अविश्वास.

आता अधिकृत गोष्टीत जे दडपलंय ते. वादळाच्या कितीतरी आधीपासून बेटांच्या आतल्या भागात, समुद्र न पाहिलेले शेतकरी वाऱ्याला नैवेद्य दाखवत होते आणि तो दाखवणाऱ्या बायका होत्या. क्रीट या ग्रीक बेटावरच्या नोसॉसला मातीच्या पाट्या सापडल्यात, त्यांची लिपी मायकल व्हेंट्रिसने १९५२ मध्ये उलगडली, आणि त्यात तेलाच्या हिशोबात वाऱ्यांच्या पुजारणीचा उल्लेख आहे. तीन हजार वर्षांहून जुनी बाई, नाव नाही, फक्त तिला किती तेल द्यायचं एवढीच नोंद. पुढे पॉसेनियस हा प्राचीन ग्रीक प्रवासवर्णनकार ग्रीसमधल्या तिताने या गावाबद्दल लिहितो की तिथला पुजारी वर्षातून एका रात्री वाऱ्यांना बळी देतो, चार खड्ड्यांपाशी गुप्त विधी करतो आणि दंतकथेतल्या मेडिया या जादूगारणीचे मंत्र म्हणतो. वारापंथातले खड्डे इथून आले. वाऱ्याला वर आकाशात शोधायचं सोडून जमिनीत खड्डा करून त्याच्याशी बोलायचं, ही कल्पना मला कधीच सुचली नसती. जपानमध्येही लढाईच्या खूप आधी, ६७५ मध्ये, तात्सुताच्या वाऱ्याच्या देवांची पूजा सम्राटाच्या हुकुमाने झाल्याची नोंद आहे आणि तिथलं मागणं पिकासाठीचं. म्हणजे वाऱ्याचा देव आधी शेताचा, आरमाराचा नंतर. बेटांवरच्या पुरोहितांनी खड्डे बुजवून त्याच जागी देवळं बांधली, पुजारणींना तेल वाटायच्या कामावर ठेवलं.

देवळं गोल आहेत, त्याचं कारण मेक्सिको. अझ्टेकांच्या एहेकात्ल या वाऱ्याच्या देवाची देवळं गोल असायची, वाऱ्याला कोपरे अडवू नयेत म्हणून असं त्याचं कारण सांगतात, आणि असंच एक छोटं देऊळ १९६७ मध्ये मेक्सिको सिटीत मेट्रोचं खोदकाम चालू असताना सापडलं, ते आजही पिनो सुआरेझ स्टेशनात उभं आहे. मूर्ती का नाही, तर ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं वाताचं, म्हणजे वाऱ्याचं, सूक्त वाचा, त्याचा आवाज ऐकू येतो पण रूप दिसत नाही असं तिथे स्वच्छ म्हटलंय आणि तरी त्याला हवी अर्पण केलंय.

आणि वारा चांगला की वाईट, यावर पंथात जो वाद आहे त्याचं मूळ इराणात. झरथुष्ट्री म्हणजे पारशी धर्माच्या परंपरेत वायू उजेड आणि अंधार यांच्या मधल्या पोकळीत असतो, आणि नंतरच्या ग्रंथांत त्याचे चांगला वायू आणि वाईट वायू असे दोन भागच पडतात. मेसोपोटेमियात तर वाईट वाऱ्यांच्या राक्षसांचा राजा पाझुझू, ज्याचं तोंड बघवत नाही, त्याचीच प्रतिमा बायका बाळंतपणात जवळ ठेवायच्या, लमाश्तू नावाच्या दुसऱ्या राक्षसीला पळवून लावायला. ज्याची भीती त्याच्याकडूनच राखण. बुडालेल्यांच्या पंथात पाळण्यावर फाटक्या शिडाचा तुकडा बांधतात तो याच विचाराने, आणि वाचलेल्यांना तो अपशकुन वाटतो.

कथा सुरू होते तेव्हा मुख्य भूमीवर पुन्हा जहाजं बांधली जातायत, बेटांची तटबंदी पडीक आहे, आणि आतल्या गावांतल्या बायकांनी चारपैकी दोन खड्डे परत उकरलेत.