ग्रीक पडद्यावरचं गाव आणि पटकथाकार थानासिस वाल्तिनोस

ग्रीक सिनेमाचा विषय निघाला की दिग्दर्शक थिओ अँगेलोपूलोसचं नाव येतं आणि चर्चा बहुधा तिथेच थांबते. त्याच्या चित्रपटांतलं ओस पडलेलं गाव ज्यांनी त्याच्याबरोबर लिहिलं, त्यांत थानासिस वाल्तिनोस होता. त्याच्या वाट्याचं श्रेय त्याला फार कमी मिळालं आहे.

त्याआधी ग्रीक पडद्यावर गाव होतंच, पण ते नटवलेलं. १९१५च्या ‘गोल्फो’पासून मेंढपाळांच्या प्रेमकथा आणि फुस्तानेला म्हणजे चुणीदार घागऱ्यासारखा पारंपरिक पोशाख घातलेले नायक यांची रीतच पडली. पुढे अथेन्समधल्या विनोदी चित्रपटांत खेडूत आला तो हसवण्यापुरता. प्रत्यक्षात गावं रिकामी होत होती. १९४६ ते १९४९च्या यादवीने डोंगरी भाग उद्ध्वस्त केला, आणि मार्च १९६०मध्ये पश्चिम जर्मनीशी मजूरभरतीचा करार झाल्यावर कर्ती माणसं कारखान्यांत निघून गेली.

वाल्तिनोस १९३२चा, पेलोपोनीजमधल्या डोंगराळ अर्केडियाचा. मुळात तो कथालेखक. १९६३मध्ये आलेल्या त्याच्या ‘नऊ जणांची उतरण’ या कथेत यादवीत हरलेले गनिमी सैनिक समुद्राकडे निघतात. जो बोलतो तो साक्ष दिल्यासारखा बोलतो: छोटी वाक्यं, कुठेही भाष्य नाही. हीच रीत १९७०च्या ‘आनापारास्तासी’त (म्हणजे ‘पुनर्रचना’) दिसते. अँगेलोपूलोसचा हा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट, आणि त्याच्या पटकथेत स्त्रातिस कारास हाही सहलेखक होता.

या चित्रपटात वायव्य ग्रीसच्या एपिरसमधल्या एका गावात जर्मनीहून परतलेल्या नवऱ्याचा बायको आणि तिचा प्रियकर खून करतात. सुरुवातीलाच निवेदक आकडे सांगतो: १९३९मध्ये गावात १,२५० माणसं, १९६५मध्ये ८५. हे आकडे नजरेआड केले की चित्रपट नुसती खुनाची गोष्ट वाटू लागतो. दुसरा घोटाळा काळाचा होतो. तपास अधिकारी गुन्ह्याचा प्रसंग पुन्हा उभा करून घेत असतात, त्यात मधेमधे खुनानंतरच्या दिवसांतली त्या दोघांची धडपड येते, शिवाय पत्रकारांची चौकशी वेगळी चाललेली असते. पोलीस किंवा पत्रकार दिसले तर प्रसंग अटकेनंतरचा, ही खूणगाठ बांधून पाहावं. आरोपी एकमेकांवर ढकलतात, आणि दोर नेमका कुणी आवळला ते पटकथा शेवटपर्यंत सांगत नाही. खुनाच्या वेळी कॅमेरा घराबाहेरच राहतो. माझ्या मते ग्रीक सिनेमातला हा सर्वांत प्रामाणिक निर्णय आहे: बाहेरून आलेल्याला गावाचं आतलं कळत नाही, हे इथे मान्य केलं आहे.

अँगेलोपूलोसच्याच १९८४च्या ‘किथिराची सफर’मध्ये ३२ वर्षांनी सोव्हिएत संघातून परतलेला म्हातारा गावची जमीन विकायला एकटाच नकार देतो. अँगेलोपूलोस, वाल्तिनोस आणि इटालियन पटकथाकार तोनिनो गुएर्रा यांना त्याबद्दल कान महोत्सवात पटकथेचं पारितोषिक मिळालं. १९८८च्या ‘धुक्यातला प्रदेश’साठीही हे तिघं एकत्र होते.