हस्तमुद्रा आणि ध्यानाची वेळ : पार्श्वभूमी

मोबाइलवर दहा-पंधरा मिनिटांचा गजर लावून मांडी घालायची, अंगठ्याचे व तर्जनीचे टोक जुळवून हात गुडघ्यांवर ठेवायचे, हा नवशिक्यांच्या ध्यानवर्गातील क्रम थेट हठयोगाच्या ग्रंथांतून आला, असे अनेकदा सांगितले जाते. त्या ग्रंथांत मुद्रा या शब्दाचा अर्थ निराळा आहे. पंधराव्या शतकातील हठप्रदीपिकेत महामुद्रा, खेचरी (जीभ मागे वळवणे), विपरीतकरणी (डोके खाली, पाय वर) अशा दहा मुद्रा असून त्यांत तिन्ही बंधही, म्हणजे शरीराचे भाग आवळून धरण्याच्या क्रियाही, मोजलेल्या आहेत; बोटांची जुळणी म्हणजे मुद्रा, अशी मात्र एकही नाही. काळाचे मोजमाप तेथे आहे, पण ते अशाच मुद्रांसाठी: जसे, विपरीतकरणी रोज थोडी थोडी वाढवत एक याम, म्हणजे तीन तासांपर्यंत न्यावी.

हाताच्या मुद्रा पूजाविधी, मूर्तिकला आणि संध्येतील गायत्रीजपापूर्वीच्या २४ मुद्रा यांतून आल्या. शके १२१२ च्या ज्ञानेश्वरीत, सहाव्या अध्यायातील आसनाच्या वर्णनात, करसंपुट, म्हणजे जुळलेले दोन्ही हात, ‘आपैसें’ डाव्या पायावर येऊन बसते. आसन जमले की हात आपोआप विसावतात, एवढाच तेथे हातांचा भाग आहे.

खरा गुंता बोटे आणि पंचमहाभूते यांच्या नात्यात आहे. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मुद्राशास्त्राच्या पुस्तिकांतून रूढ झालेल्या मांडणीत अंगठा अग्नीचा, तर्जनी वायूची, मधले बोट आकाशाचे, अनामिका पृथ्वीची आणि करंगळी जलाची मानली जाते. पृथ्वीमुद्रेत अनामिका आणि वरुणमुद्रेत करंगळी अंगठ्याला टेकवतात, ती याच हिशेबाने. तांत्रिक मानसपूजेत, म्हणजे मनातल्या मनात केलेल्या पूजेत, मात्र ‘लं’ या बीजाक्षरासह पृथ्वीतत्त्वाचा गंध करंगळीने अर्पण होतो, ‘हं’ बीजासह आकाशाचे पुष्प अंगठ्याने, आणि अग्नी मधल्या बोटाकडे व जल अनामिकेकडे जाते. दोन्ही मांडण्यांत जागा न बदललेले बोट एकच, ते म्हणजे वायूची तर्जनी. अमुक बोट दाबले की अमुक तत्त्व संतुलित होते, असे ठामपणे शिकवणाऱ्याने ही तफावत विद्यार्थ्यापुढे ठेवायलाच हवी, असे माझे मत आहे. ती झाकून ठेवल्याने परंपरेचा मान वाढत नाही.

वेळेचेही असेच आहे. मुद्रा ४५ किंवा ४८ मिनिटे धरावी, असा सल्ला सर्रास दिला जातो. त्यातील ४८ मिनिटे म्हणजे दोन घटिकांचा एक मुहूर्त, आणि सामायिक या जैनांच्या समभावाच्या साधनेचा अवधीही तेवढाच. एवढा वेळ एका बैठकीत नवशिक्याचे गुडघे साथ देत नाहीत, म्हणून वर्गांत त्याचे दहा-पंधरा मिनिटांचे तुकडे पडले. पुढे काही वर्गांत दर दोन-तीन मिनिटांनी मुद्रा बदलण्याची पद्धत आली. ती मला पटत नाही, कारण नुकते स्थिरावू लागलेले लक्ष पुन्हा बोटांकडे ओढले जाते.

२१ जून २०१५ रोजी पहिला आंतरराष्ट्रीय योग दिवस झाला आणि त्यासाठी तयार केलेल्या सामाईक अभ्यासक्रमामुळे अंगठा-तर्जनीची हीच एक मुद्रा शाळांच्या मैदानांपर्यंत पोहोचली. त्यातील ध्यानाच्या सूचना साध्या आहेत: अंगठा व तर्जनी यांचे वर्तुळ करावे, उरलेली तीन बोटे सरळ ठेवावीत, तळवे वरच्या बाजूला करून हात मांड्यांवर ठेवावेत आणि दंड व खांदे सैल सोडावेत.