तळणीच्या तेलाचे बायोडिझेल (मुंबई)

वडे, भजी, फरसाण तळून झाल्यावर उरलेल्या तेलावर रासायनिक प्रक्रिया करून मिळणारे, डिझेल इंजिनात चालणारे इंधन. बायोडिझेल म्हणजे मेदाम्लांचे मिथाइल एस्टर, म्हणजे तेलातली मेदाम्ले (फॅटी अ‍ॅसिड) आणि मेथॅनॉल हे अल्कोहोल यांच्या संयोगातून बनणारी संयुगे. ते शेंगदाणा, पाम, करंज, मोगली एरंड (जट्रोफा) अशा कोणत्याही तेलापासून किंवा प्राण्यांच्या चरबीपासून बनते. पण भारत गरजेच्या निम्म्याहून अधिक खाद्यतेल आयात करतो. ताजे तेल इंजिनात जाळणे आपल्याला परवडणारे नाही आणि योग्यही नाही. मोगली एरंडाच्या लागवडीवर देशाने एके काळी मोठ्या आशा बांधल्या होत्या, त्या फळल्या नाहीत. मुंबईत तरी या इंधनाचा कच्चा माल कढईतच शोधावा लागतो.

तेलावर इंजिन चालवण्याची कल्पना जुनी आहे. १९०० साली पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनात एक डिझेल इंजिन शेंगदाण्याच्या तेलावर चालवून दाखवले होते. मात्र साधे तेल डिझेलपेक्षा बरेच दाट असते आणि इंजेक्टरमध्ये राप धरते. ते पातळ करण्यासाठीच पुढची सगळी खटपट.

तेलाच्या रेणूत ग्लिसरीनला तीन मेदाम्ले जोडलेली असतात. कॉस्टिक सोडा किंवा कॉस्टिक पोटॅशच्या साहाय्याने, सुमारे ६० अंश सेल्सिअसला, मेथॅनॉल ही मेदाम्ले सोडवून स्वतःशी जोडून घेते. १०० किलो तेलाला १० ते ११ किलो मेथॅनॉल लागते. साधारण १०० किलो बायोडिझेल आणि १० किलो ग्लिसरीन मिळते. ग्लिसरीन जड असल्याने तळाशी बसते. वरचा थर धुऊन, वाळवून घेतला की इंधन तयार. तळणीच्या तेलाचे मात्र इतके सरळ नसते. वारंवार तापल्याने आणि पदार्थांतल्या पाण्याने त्यात सुटी मेदाम्ले वाढतात, आणि कॉस्टिक घालताच त्यांचा साबण होऊन बसतो. म्हणून असे तेल आधी गाळून, पाणी काढून, गंधकाम्ल व मेथॅनॉलने संस्कारित करावे लागते. खरे कौशल्य या टप्प्यावर लागते.

एकच तेल पुन्हा पुन्हा तापवण्याचे आरोग्यावरील परिणाम ध्यानात घेऊन अन्नसुरक्षा प्राधिकरणाने १ जुलै २०१८ पासून तेलातील एकूण ध्रुवीय संयुगांवर (तेल वारंवार तापून बिघडल्याने वाढणाऱ्या घटकांवर) २५ टक्क्यांची मर्यादा घातली, आणि त्याच वर्षी असे तेल गोळा करून बायोडिझेलकडे वळवण्यासाठी ‘रुको’ हा उपक्रम सुरू केला. बायोडिझेलचा सर्वांत मोठा लाभ मला इथे दिसतो: वाया गेलेल्या तेलाला रास्त भाव मिळाला, तर ते स्वस्तात दुसऱ्या कढईत जात नाही, मोरीतही ओतले जात नाही. अडचण संकलनाची आहे. वडापावच्या गाडीवर तेल फारसे उरतच नाही. कमी झाले की वरून नवे ओततात. त्यामुळे मोठी हॉटेले, कँटीन आणि फरसाणचे कारखाने हेच भरवशाचे स्रोत.

२०१८ च्या राष्ट्रीय जैवइंधन धोरणाने २०३० पर्यंत डिझेलमध्ये ५ टक्के बायोडिझेल मिसळण्याचे उद्दिष्ट ठेवले. केंद्र सरकारच्या २०१९ मधील अंदाजानुसार मोठ्या ग्राहकांकडून वर्षाला १४० कोटी लिटर वापरलेले तेल गोळा होऊ शकते व त्यातून ११० कोटी लिटर बायोडिझेल मिळेल. देशाला वर्षाकाठी सुमारे ९ कोटी टन डिझेल लागते. म्हणजे हे सारे मिळूनही जेमतेम एक टक्का. मुंबईतल्या माहूलच्या तेलशुद्धीकरण कारखान्यांची जागा ते घेणार नाही. शिवाय मेथॅनॉल बहुधा नैसर्गिक वायूपासून किंवा कोळशापासून येते, त्यामुळे हे इंधन पूर्णतः नवीकरणीय म्हणता येत नाही. तरी त्यातील बहुतांश कार्बन पिकाने हवेतून घेतलेला असतो, गंधक जवळजवळ नसते आणि धुरातली काजळी कमी होते. नायट्रोजन ऑक्साइडे मात्र किंचित वाढू शकतात.

बेस्टच्या बसगाड्यांचा ताफा सीएनजी आणि विजेकडे वळला असल्याने शहरात वाव आहे तो ट्रक, जनरेटर आणि मासेमारीच्या बोटींना. समुद्रात सांडलेले बायोडिझेल खनिज डिझेलपेक्षा लवकर विघटित होते, ही बोटींच्या दृष्टीने मोलाची गोष्ट. थंडीत गोठण्याची भीती मुंबईत नाही. त्रास दमट हवेचा आहे. बायोडिझेल डिझेलपेक्षा जास्त पाणी शोषते आणि फार दिवस साठवले तर खराब होते. जुन्या टाकीतला गाळही ते सोडवते, त्यामुळे सुरुवातीला फिल्टर लवकर तुंबतात. पावसाळ्यात टाकी शक्यतो भरलेली ठेवणे आणि तळाचे पाणी वरचेवर काढणे आवश्यक असते.